रायबोसाइड : अर्थ, ओळख आणि अचूक वापर

सोलापुरात जीवरसायनशास्त्र, सूक्ष्मजीवशास्त्र किंवा औषधनिर्माणशास्त्र शिकायला बार्शी, मोहोळ, अक्कलकोट, मंगळवेढा अशा तालुक्यांतून येणारे बरेच विद्यार्थी दहावीपर्यंत मराठीतून शिकलेले असतात. पदवीच्या वर्गात न्यूक्लिइक आम्लांचा धडा सुरू झाला की अडेनिन, अडेनोसिन, अडेनिलिक आम्ल, रायबोसाइड, रायबोटाइड, न्यूक्लिओसाइड, न्यूक्लिओटाइड असे दहा-बारा एकमेकांसारखे दिसणारे शब्द एकाच आठवड्यात त्यांच्यासमोर येतात. त्यांतला 'रायबोसाइड' हा शब्द पुस्तकात थोडक्यात उरकला जातो, पण पुढे तो रसायनाच्या बाटलीवर, ऊतिसंवर्धनाच्या माध्यमाच्या कृतीत, औषधाच्या वर्णनात आणि हल्ली जीवनसत्त्वाच्या कॅप्सूलच्या खोक्यावरही भेटतो. हा शब्द नीट वाचता आला तर रेणूची निम्मी रचना नावातूनच कळते, आणि उरलेली निम्मी कुठे शोधायची हेही समजते. ते वाचन कसे करायचे, नावावरून वजन कसे पडताळायचे, प्रयोगशाळेत ओळख कशी पटवायची आणि लिहिताना कोणती काळजी घ्यायची, याचे हे पायरीपायरीने केलेले विवेचन आहे.

पहिली पायरी : शब्दाचे दोन अर्थ वेगळे करणे

रायबोज ही पाच कार्बनांची शर्करा आहे. तिच्या पहिल्या कार्बनावर दुसरा एखादा गट जोडला गेला आणि जोडणी होताना पाण्याचा एक रेणू बाहेर पडला, तर तयार होणाऱ्या संयुगाला व्यापक अर्थाने रायबोसाइड म्हणतात. ग्लुकोजपासून ग्लुकोसाइड, गॅलॅक्टोजपासून गॅलॅक्टोसाइड, तसेच रायबोजपासून रायबोसाइड. या अर्थाने मेथिल गट जोडलेला साधा मेथिल रायबोसाइडही रायबोसाइडच ठरतो, जरी त्यात न्यूक्लिइक आम्लाशी संबंधित असे काहीही नसते.

जीवरसायनशास्त्रात मात्र हा शब्द बहुतेक वेळा संकुचित अर्थाने येतो. रायबोजच्या पहिल्या कार्बनावर नायट्रोजनयुक्त बेस (अडेनिन, यूरासिल यांसारखा घटक) जोडलेला असेल, तर त्या संयुगाला रायबोन्यूक्लिओसाइड, आणि थोडक्यात रायबोसाइड, म्हणतात. अडेनिन रायबोसाइड म्हणजे अडेनोसिन, यूरासिल रायबोसाइड म्हणजे यूरिडीन, हायपोझँथिन रायबोसाइड म्हणजे इनोसिन. म्हणून प्रत्येक रायबोन्यूक्लिओसाइड हा रायबोसाइड असतो, पण प्रत्येक रायबोसाइड न्यूक्लिओसाइड असेलच असे नाही. उलट बाजूने, डीएनएमधली शर्करा डीऑक्सिरायबोज असल्यामुळे थायमिडीन हा न्यूक्लिओसाइड आहे, पण काटेकोरपणे तो रायबोसाइड नसून डीऑक्सिरायबोसाइड आहे. उत्तरपत्रिकेत 'डीएनएमध्ये चार रायबोसाइड असतात' असे वाक्य लिहिले गेले तर ते चूकच आहे, आणि ती चूक नुसत्या शब्दाची नसून रचनेची आहे.

'न्यूक्लिओसाइड' हा शब्द फिबस लेव्हीन आणि वॉल्टर जेकब्स यांनी १९०९ साली रूढ केला. त्याच काळात लेव्हीन यांनी यीस्टमधल्या न्यूक्लिइक आम्लातली शर्करा म्हणजे रायबोज असल्याचे दाखवले, आणि डीऑक्सिरायबोज ओळखायला त्यांना १९२९ पर्यंत वाट पाहावी लागली. नावांच्या यादीत जो विस्कळीतपणा दिसतो त्याचे कारण या क्रमात आहे. बेस आधी सापडले, त्यांना स्रोतांवरून नावे मिळाली, शर्करा नंतर कळली, आणि न्यूक्लिओसाइडांची नावे त्या जुन्या नावांवर बेतली गेली. ग्वानिन हे समुद्रपक्ष्यांच्या विष्ठेच्या, म्हणजे ग्वानोच्या, नावावरून आले. अडेनिन अल्ब्रेख्ट कोसेल यांना १८८५ मध्ये स्वादुपिंडातून मिळाले आणि ग्रंथीसाठी असलेल्या ग्रीक शब्दावरून त्याचे नाव पडले. थायमिनला थायमस ग्रंथीचे नाव मिळाले. इनोसिनचा इतिहास त्याहून जुना आहे, कारण त्याचे फॉस्फेट, म्हणजे इनोसिनिक आम्ल, युस्टुस लीबिग यांनी १८४७ मध्येच मांसाच्या अर्कातून वेगळे केले होते.

दुसरी पायरी : बेस, शर्करा आणि फॉस्फेट हे तीन थर नावात शोधणे

कोणतेही नाव समोर आले की तीन प्रश्न याच क्रमाने विचारावेत. बेस कोणता? शर्करा आहे का, आणि असल्यास कोणती? फॉस्फेट आहे का? नुसता बेस असेल तर तो बेस. शर्करा जोडलेली असेल तर न्यूक्लिओसाइड. त्या शर्करेवर फॉस्फेट चढले असेल तर न्यूक्लिओटाइड. जुन्या पद्धतीत शेवटच्या दोन टप्प्यांना रायबोसाइड आणि रायबोटाइड म्हणत, आणि ती नावे आजही वापरात आहेत.

'अडेनिन रायबोसाइड' या पद्धतीचे नाव मला अडेनोसिनपेक्षा जास्त पारदर्शक वाटते, कारण त्यात पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे उघड लिहिलेली असतात आणि तिसऱ्याचे उत्तर 'नाही' असे आपोआप मिळते. रूढ नावांत मात्र उत्तर शेवटच्या अक्षरांत लपलेले असते. प्युरिन गटातल्या, म्हणजे दोन जुळ्या वलयांचा बेस असलेल्या, न्यूक्लिओसाइडांच्या नावाचा शेवट 'ओसिन' असा होतो : अडेनोसिन, ग्वानोसिन, इनोसिन, झँथोसिन. पिरिमिडीन गटातल्यांचा, म्हणजे एकाच वलयाचा बेस असलेल्यांचा, शेवट 'इडीन' असा होतो : सायटिडीन, यूरिडीन, थायमिडीन. हा नियम लक्षात ठेवताना एक सापळा कायम डोळ्यांसमोर असावा. सायटोसिनचा शेवट 'ओसिन' असा असला तरी तो न्यूक्लिओसाइड नाही, तो बेस आहे. त्याचा रायबोसाइड म्हणजे सायटिडीन.

दुसरा सापळा थायमिडीनचा आहे. अडेनोसिन म्हटले की रायबोज गृहीत असते, आणि डीऑक्सिरायबोज असेल तर डीऑक्सिअडेनोसिन असे स्पष्ट म्हणावे लागते. थायमिनचा संबंध प्रथमपासून डीएनएशी असल्यामुळे थायमिडीन या नावात मात्र डीऑक्सिरायबोज गृहीत धरलेले आहे. थायमिनचा खरा रायबोसाइड निसर्गात आढळतो, तो वाहक आरएनएमध्ये असतो, आणि त्याला रायबोथायमिडीन किंवा ५-मेथिलयूरिडीन म्हणतात. काही लेखक गोंधळ टाळण्यासाठी थायमिडीनलाही डीऑक्सिथायमिडीन म्हणतात. दोन्ही नावे एकाच पदार्थाची आहेत, तेव्हा ती वेगवेगळी समजून दोन बाटल्या मागवण्याचे कारण नाही.

तिसरी पायरी : तीन आकडे आणि बाटलीवरचा रेणुभार

प्रात्यक्षिकात सगळ्यात उपयोगी पडणारी गोष्ट ही आहे, म्हणून येथे थोडे थांबून उदाहरणे पाहू. बेसला रायबोज जोडले गेले की रेणुभार १३२.११ ने वाढतो, कारण रायबोजचा रेणुभार १५०.१३ आणि जोडणीत निघून जाणारे पाणी १८.०२. डीऑक्सिरायबोज जोडले तर वाढ ११६.१२ ची होते. त्यावर एक फॉस्फेट चढले की आणखी ७९.९८ वाढतात. पाठ करायचे असेल तर १३२, ११६ आणि ८० एवढेच करावे.

आता ताळा करून पाहा. अडेनिनचा रेणुभार १३५.१३ आहे. त्यात १३२.११ मिळवले की २६७.२४ होतात, आणि अडेनोसिनच्या बाटलीवर हाच आकडा छापलेला असतो. त्यात ७९.९८ मिळवले की ३४७.२२, म्हणजे अडेनोसिन मोनोफॉस्फेट. यूरासिलचे ११२.०९ घेतले तर यूरिडीनचे २४४.२० येतात. थायमिनच्या १२६.११ मध्ये ११६.१२ मिळवले की थायमिडीनचे २४२.२३ मिळतात, १३२ मिळवले तर मिळत नाहीत, आणि थायमिडीनमध्ये डीऑक्सिरायबोज आहे ही मागची गोष्ट येथे आकड्यांनी सिद्ध होते.

हा ताळा का करावा, ते द्रावण तयार करताना कळते. १० मिलिमोलर अडेनोसिनचे १०० मिलिलिटर द्रावण करायचे असेल तर सुमारे २६७ मिलिग्रॅम पावडर तोलावी लागते. कोणी अडेनिनचा रेणुभार धरून १३५ मिलिग्रॅमच तोलली, तर द्रावण दिसायला अगदी तसेच होईल, पण त्याची तीव्रता निम्मी असेल आणि पुढचा प्रत्येक आलेख त्या चुकीवर उभा राहील. न्यूक्लिओटाइडांच्या बाबतीत अधिक दक्षता हवी, कारण ती बहुधा सोडियमच्या क्षारांच्या रूपात आणि पाण्याच्या रेणूंसह विकली जातात. अशा वेळी पुस्तकातला रेणुभार बाजूला ठेवून त्या बाटलीवर छापलेलाच रेणुभार घ्यावा, आणि तो प्रात्यक्षिकाच्या वहीत उतरवून ठेवावा. ग्वानोसिन थंड पाण्यात फारच कमी विरघळते, त्यामुळे त्याचे तीव्र द्रावण होत नाही म्हणून पावडर खराब असल्याचा निष्कर्ष घाईने काढू नये.

या पद्धतीची मर्यादाही तितकीच स्पष्टपणे सांगायला हवी. रेणुभार जुळला म्हणजे पदार्थ तोच आहे असे सिद्ध होत नाही. अरॅबिनोज ही रायबोजची जवळची शर्करा आहे. दोघींत फरक एवढाच की दुसऱ्या कार्बनावरचा हायड्रॉक्सिल गट उलट दिशेला वळलेला असतो. त्यामुळे सायटिडीन आणि सायटोसिन अरॅबिनोसाइड या दोघांचाही रेणुभार २४३.२२ आहे, पण पहिला आपल्या प्रत्येक पेशीत असतो आणि दुसरा सायटॅरबीन या नावाने रक्ताच्या कर्करोगावर दिला जातो. अरॅबिनोज हे नाव ज्या अरबी डिंकावरून आले तो बाभळीच्या कुळातल्या झाडाचा डिंक आहे, आणि 'रायबोज' हे नाव अरॅबिनोजच्या नावातली अक्षरे मागेपुढे करून घडवलेले आहे. याहून चकित करणारे उदाहरण झिडोव्हुडीनचे आहे. एचआयव्हीवरच्या या औषधाचे रेणुसूत्र आणि अडेनोसिनचे रेणुसूत्र एकच आहे : कार्बनचे १०, हायड्रोजनचे १३, नायट्रोजनचे ५ आणि ऑक्सिजनचे ४ अणू. दोन्हींचा रेणुभार २६७.२४, पण बेस आणि शर्करा दोन्ही वेगळे. म्हणूनच पुढची पायरी लागते.

चौथी पायरी : प्रयोगशाळेत ओळख पटवणे

स्पेक्ट्रोफोटोमीटर हाताशी असला की विद्यार्थी पहिल्यांदा २६० नॅनोमीटरला वाचन घेतात. अडेनोसिनचे शोषण तेथेच सर्वाधिक असते, यूरिडीनचे २६२ च्या आसपास, थायमिडीनचे २६७ च्या, आणि उदासीन द्रावणात सायटिडीनचे २७१ च्या आसपास. या वाचनाने बेस कोणता याचा अंदाज येतो. परंतु अतिनील प्रकाश शोषण्याचे काम बेसचे कडे (अणूंचे वलय) करते, शर्करा आणि फॉस्फेट त्यात जवळपास काहीच भर घालत नाहीत. त्यामुळे अडेनोसिन आणि अडेनोसिन मोनोफॉस्फेट यांत हे यंत्र फरक सांगू शकत नाही. पहिल्या प्रश्नाचे उत्तर येथे मिळते, दुसऱ्या-तिसऱ्याचे नाही.

शर्करेसाठी जुन्या रंगचाचण्या आजही चांगले काम देतात. ओर्सिनॉल, तीव्र हायड्रोक्लोरिक आम्ल आणि थोडे फेरिक क्लोराइड असलेल्या बियाल अभिकारकाबरोबर उकळत्या पाण्यात तापवल्यावर रायबोज हिरवा-निळा रंग देते. डीऑक्सिरायबोजसाठी डायफेनिलअमीनची चाचणी करतात, तिच्यात निळा रंग येतो. दोन्ही चाचण्यांत आधी बेस आणि शर्करा यांमधला बंध आम्लाने तुटावा लागतो. प्युरिन न्यूक्लिओसाइडांचा बंध गरम आम्लात सहज तुटतो, पिरिमिडीन न्यूक्लिओसाइडांचा मात्र चिवट असतो. म्हणून अडेनोसिनला ठळक रंग आला आणि यूरिडीनला जवळपास आलाच नाही, तर यूरिडीनमध्ये रायबोज नाही असे वहीत लिहू नये. तसे लिहिलेले मी पुष्कळ वह्यांत पाहिले आहे, आणि दोष विद्यार्थ्याचा कमी, कारण न सांगता कृती उतरवून देण्याच्या सवयीचा अधिक आहे. ही आम्ले भाजणारी असल्यामुळे चष्मा, हातमोजे आणि धूर ओढणारे कपाट यांशिवाय ही चाचणी करू नये.

फॉस्फेटसाठी अमोनियम मॉलिब्डेट आणि क्षपणक वापरून निळा रंग मोजण्याची जी पद्धत आहे, ती सायरस फिस्क आणि यल्लाप्रगडा सुब्बाराव यांनी १९२५ मध्ये दिली. याच जोडीने पुढे अडेनोसिन ट्रायफॉस्फेटचा शोधही लावला, आणि त्याच सुमारास कार्ल लोमान यांनीही तो स्वतंत्रपणे लावला. एका भारतीय शास्त्रज्ञाचे नाव ज्या चाचणीला आहे ती चाचणी आपल्या विद्यार्थ्यांनी ते नाव जाणून करावी, असे मला मनापासून वाटते. मॉलिब्डेट मोकळ्या फॉस्फेटशीच रंग देते, न्यूक्लिओटाइडमध्ये बांधलेल्या फॉस्फेटशी नाही, हे येथे ध्यानात घ्यावे. अडेनोसिन ट्रायफॉस्फेट १ नॉर्मल आम्लात सात मिनिटे उकळले की शेवटचे दोन फॉस्फेट सुटतात, शर्करेला थेट जोडलेले पहिले मात्र बहुतांशी टिकून राहते. तेव्हा पदार्थ शुद्ध रायबोसाइड आहे, त्यात रायबोटाइड नाही, असे म्हणायचे असेल तर नमुन्याचे पूर्ण पचन करून, म्हणजे बांधलेले सर्व फॉस्फेट मोकळे करून, मगच फॉस्फेट तपासावे. पचन न करता 'फॉस्फेट नाही' असे लिहिणे म्हणजे कुलूप न उघडता कोठी रिकामी आहे असे सांगणे.

पाचवी पायरी : नाव जे सांगत नाही ते विचारणे

रायबोसाइड हे नाव बेस आणि शर्करा सांगते, पण बेसचा कोणता अणू शर्करेला जोडला आहे, जोडणीची दिशा कोणती आणि शर्करेचे कडे पाच अणूंचे की सहा, हे सांगत नाही. म्हणून संशोधनपर लेखनात पहिल्या उल्लेखाला पूर्ण नाव द्यावे, जसे अडेनोसिनसाठी ९-बीटा-डी-रायबोफ्युरॅनोसिलअडेनिन. यातला ९ हा बेसच्या अणूचा क्रमांक आहे. प्युरिन आपल्या नवव्या नायट्रोजनाने जोडले जाते, पिरिमिडीन पहिल्या नायट्रोजनाने. शर्करेच्या अणूंचे क्रमांक बेसच्या क्रमांकांत मिसळू नयेत म्हणून त्यांच्यापुढे प्राइमचे चिन्ह लावतात : १′, २′, ३′, ५′. हे चिन्ह गळले तर अर्थ बदलतो. ५-मेथिलयूरिडीनमध्ये मेथिल गट बेसवर असतो, तोच ५′ असे लिहिले तर तो शर्करेवर जातो.

नेहमीच्या न्यूक्लिओसाइडांत बंध नायट्रोजनाचा असतो आणि दिशा बीटा (बेस शर्करेच्या कड्याच्या वरच्या बाजूला; उलट बाजूला असल्यास अल्फा) असते, परंतु अपवाद फार महत्त्वाचे आहेत. स्यूडोयूरिडीनमध्ये यूरासिल आपल्या पाचव्या कार्बनाने रायबोजला जोडलेले असते. त्याचा रेणुभार यूरिडीनइतकाच, २४४.२०, पण बंध कार्बन-कार्बनचा. कोविडविरुद्धच्या फायझर-बायोएनटेक आणि मॉडर्ना यांच्या लशींतल्या संदेशवाहक आरएनएमध्ये यूरिडीनच्या जागी याच स्यूडोयूरिडीनचे मेथिल रूप वापरलेले आहे. न्यूक्लिओसाइडांतल्या अशा बदलांचा शोध लावल्याबद्दल कॅटलिन कॅरिको आणि ड्र्यू वाइसमन यांना २०२३ चे वैद्यकशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले. दुसरा अपवाद ब-१२ जीवनसत्त्वात सापडतो. त्यातल्या डायमेथिलबेन्झिमिडॅझोल या बेसला जोडलेल्या रायबोजच्या बंधाची दिशा अल्फा आहे.

दवाखाना, औषधाचे दुकान आणि तपासणीचा अहवाल

सोलापुरात फुप्फुसाभोवती पाणी झालेल्या रुग्णाच्या नातेवाइकांच्या हाती अनेकदा 'एडीए' तपासणीचा अहवाल येतो. त्याचे पूर्ण नाव अडेनोसिन डीअमिनेज. हे विकर (एन्झाइम) अडेनोसिनमधला अमीन गट काढून त्याचे इनोसिन करते, म्हणजे एका रायबोसाइडचे दुसऱ्या रायबोसाइडमध्ये रूपांतर करते, आणि सुटणारा अमोनिया मोजून विकराची क्रियाशीलता ठरवता येते. फुप्फुसावरणातल्या पाण्यात ही क्रियाशीलता लिटरमागे ४० एककांच्या वर असेल तर क्षयरोगाचा संशय बळावतो, मात्र निदान डॉक्टर इतर लक्षणे आणि तपासण्या पाहूनच करतात. पुढे इनोसिनचा बंध तुटून हायपोझँथिन आणि रायबोज-१-फॉस्फेट होते, हायपोझँथिनचे झँथिन, आणि झँथिनचे यूरिक आम्ल. पायाच्या अंगठ्याचा सांधा सुजवणारे यूरिक आम्ल अशा रीतीने याच रायबोसाइडांच्या विघटनातून येते.

अडेनोसिन स्वतः औषधही आहे. हृदयाची गती एकाएकी फार वाढते अशा काही विकारांत ते शिरेतून झटकन देतात, आणि रक्तात त्याचा अर्धायुकाल १० सेकंदांपेक्षाही कमी असल्याने ते रुग्णालयात देखरेखीखालीच देता येते.

एचआयव्हीवरच्या औषधांत वर्गाचे नाव काळजीने वाचावे. लॅमिव्हुडीन आणि झिडोव्हुडीन ही न्यूक्लिओसाइड वर्गातली आहेत, टेनोफोविर न्यूक्लिओटाइड वर्गातले. औषधनिर्माणशास्त्राच्या विद्यार्थ्याने हा फरक असा समजून घ्यावा : न्यूक्लिओसाइड वर्गातल्या औषधावर पेशीतल्या विकरांना एकामागून एक तीन फॉस्फेट चढवावे लागतात तेव्हाच ते कार्य करते, टेनोफोविरमध्ये पहिल्या फॉस्फेटची जागा घेणारा गट आधीच असतो, त्यामुळे दोनच चढवावे लागतात. नागीण आणि कांजिण्यांवर दिले जाणारे असायक्लोविर या यादीत घालताना मात्र हात आखडता घ्यावा. त्यात ग्वानिन आहे, पण शर्करेचे कडेच नाही, तिच्या जागी उघडी साखळी आहे. त्याला न्यूक्लिओसाइडसदृश म्हणावे, रायबोसाइड कधीही म्हणू नये.

'निकोटिनामाइड रायबोसाइड' असे लिहिलेल्या कॅप्सूल आता ऑनलाइन सर्रास मिळतात. निकोटिनामाइड हे ब-३ जीवनसत्त्वाचे रूप आहे, आणि त्याला रायबोज जोडलेले हे संयुग पेशीत एनएडी हे विकरांना मदत करणारे सहविकर बनवण्यासाठी वापरले जाते. बाजारात ते क्लोराइडच्या रूपात येते, त्याचा रेणुभार २९०.७०, आणि नुसत्या निकोटिनामाइडचा १२२.१२. म्हणजे ३०० मिलिग्रॅमच्या कॅप्सूलमध्ये जीवनसत्त्वाचा भाग सुमारे १२६ मिलिग्रॅमच असतो. शेजारच्या खोक्यावर 'निकोटिनामाइड मोनोन्यूक्लिओटाइड' लिहिलेले असेल तर तो वेगळा पदार्थ आहे, एका फॉस्फेटने मोठा. नावातली प्रतिष्ठा पाहून अशा गोळ्या स्वतःहून सुरू करू नयेत. मधुमेह, यकृत किंवा मूत्रपिंड यांचा त्रास असणाऱ्यांनी तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय मुळीच घेऊ नयेत.

बागेतला रायबोसाइड

द्राक्षबागायतदारांना 'सिक्स बीए' हे नाव परिचयाचे आहे. ते ६-बेन्झिलअडेनिन, म्हणजे अडेनिनवर बेतलेला सायटोकायनिन गटातला वाढनियंत्रक. करमाळा तालुक्यात उजनीच्या पाण्यावर उभ्या असलेल्या केळीच्या बागांसाठी जी ऊतिसंवर्धित रोपे येतात, ती वाढवण्याच्या माध्यमांतही याचा वापर होतो, आणि तेथे त्याला बीएपी असेही म्हणतात. हा बेस आहे, रायबोसाइड नाही. वनस्पतीच्या शरीरात मात्र सायटोकायनिनांचे बेस, रायबोसाइड आणि रायबोटाइड असे तिन्ही प्रकार असतात. मुळांत तयार झालेले झिएटिन हे नैसर्गिक सायटोकायनिन बरेचसे झिएटिन रायबोसाइडच्या रूपात जलवाहिन्यांतून वर जाते, आणि पेशींच्या ग्राहकांवर मुख्यतः मोकळा बेस काम करतो. शहाळ्याच्या पाण्यातही झिएटिन रायबोसाइड असते, ज्या पाण्याचा ऊतिसंवर्धनाच्या माध्यमात उपयोग फार जुना आहे.

ऊतिसंवर्धनाच्या प्रयोगशाळेत काम करणाऱ्याने माध्यमाची कृती वाचताना मिलिग्रॅमवर विसंबू नये. झिएटिनचा रेणुभार २१९.२४ आहे आणि त्याच्या रायबोसाइडचा ३५१.३६. लिटरमागे १ मिलिग्रॅम झिएटिन घातले तर तीव्रता सुमारे ४.५६ मायक्रोमोलर होते, तेवढ्याच वजनाचा रायबोसाइड घातला तर सुमारे २.८५. एका प्रयोगात बेस आणि दुसऱ्यात रायबोसाइड वापरून तुलना करायची असेल, तर दोन्हींचे प्रमाण मायक्रोमोलरमध्ये बदलून घेतल्यावरच ती न्याय्य ठरते. बागेत फवारणी करणाऱ्या शेतकऱ्याने मात्र मायक्रोमोलरच्या हिशेबात न पडता, डब्यावर लिहिलेले प्रमाण आणि कृषी अधिकाऱ्यांचा सल्ला यांपलीकडे जाऊ नये.

मराठीत लिहिताना

देवनागरीत हे शब्द लिहिताना जोखीम थोडी वाढते. न्यूक्लिओसाइड आणि न्यूक्लिओटाइड यांत 'सा' आणि 'टा' एवढाच फरक आहे, आणि घाईच्या अक्षरात तो पुसला जातो. म्हणून वहीत पहिल्या उल्लेखाला 'न्यूक्लिओसाइड, फॉस्फेटविरहित' असे लिहून ठेवावे. डीएनएमधला बेस आणि ब-१ जीवनसत्त्व ही दोन्ही नावे मराठीत अनेकदा 'थायमिन' अशी एकसारखी लिहिली जातात. बेससाठी थायमिन आणि जीवनसत्त्वासाठी थायामिन असा भेद शेवटपर्यंत पाळावा, नाहीतर 'थायमिनची कमतरता' या शब्दांचा वाचकाला काहीही बोध होणार नाही. इनोसिन आणि इनोसिटॉल यांचीही गल्लत होते. पहिला रायबोसाइड आहे, दुसऱ्यात बेसही नाही आणि रायबोजही नाही.

लघुनामांच्या बाबतीत सर्वांत जास्त सावधगिरी 'आयकार' (AICAR, अमिनोइमिडॅझोल कार्बोक्झामाइड या बेसच्या रायबोज-संयुगाचे लघुनाम) या नावासाठी हवी. यातले शेवटचे अक्षर काही लेखक रायबोसाइडसाठी वापरतात, तर काही रायबोटाइडसाठी. रायबोसाइडचा रेणुभार २५८.२३, रायबोटाइडचा ३३८.२१. पहिला बाहेरून पेशींना देता येतो आणि पेशीत शिरल्यावर त्याचे रायबोटाइड होते. दुसरा पेशीतच प्युरिन बनण्याच्या मार्गावर तयार होतो. खेळाडूंसाठी प्रतिबंधित पदार्थांच्या जागतिक यादीतही हे नाव आहे, तेव्हा गल्लत केवळ गुणांपुरती राहत नाही. हे लघुनाम एखाद्या शोधनिबंधात दिसले की प्रथम त्यातला साहित्य आणि पद्धतींचा भाग काढावा, तेथे दिलेला रेणुभार किंवा पूर्ण नाव पाहावे, २५८ आणि ३३८ यांपैकी कोणता आकडा जुळतो ते ठरवावे, आणि आपल्या टिपणात लघुनाम न लिहिता 'रायबोसाइड' किंवा 'रायबोटाइड' हा पूर्ण शब्द लिहावा.